कवळीवाल्या साडूचं रीळ

पंखा मास्तरांनीच लावला. त्याबद्दल वाद नव्हता. वाद घालायला जागाही नव्हती, कारण सगळ्यांनी वळून पाहिलं तेव्हा त्यांचं बोट अजून बटणावरच होतं.

झालं होतं ते एवढंच. रविवारची सकाळ, मास्तर सपत्नीक साडूच्या घरी गेलेले. जिने चढून दम लागलेला, शर्ट पाठीला चिकटलेला. दुसऱ्या कुणाच्या घरी माणूस "जरा पंखा लावता का" असं विचारतो. पण साडूच्या घरी कसली आलीये परवानगी? दाराशेजारचं बटण मास्तरांनी हक्कानं दाबलं. आणि वर छताखाली, या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत दोऱ्या बांधून, त्यांना चिमटे लावून फिल्मच्या लांबलचक पट्ट्या वाळत घातलेल्या होत्या. हातानं रंगवलेल्या आणि अजून ओल्या. पंख्यानं सुरुवातीला एकच पट्टी उचलली, सहज, चव बघावी तशी. मग तिच्या शेजारची. मग त्याला गोडी लागली. बघता बघता सगळं वाळवण पंख्याभोवती गुंडाळलं गेलं आणि हिरव्या-जांभळ्या रंगाचे शिंतोडे भिंतीवर, आरशावर, पलंगपोसावर आणि कोपऱ्यात बसलेल्या सासूबाईंच्या चष्म्यावर उडाले.

"मला सगळं हिरवं दिसायला लागलंय गं," सासूबाई शांतपणे म्हणाल्या. "डॉक्टर म्हणालेच होते, मोतीबिंदू वाढेल म्हणून."

साडू चहाचं गाळणं हातात घेऊन स्वयंपाकघरातून बाहेर आला. वर बघितलं. मग बटणापाशी जाऊन मास्तरांचं बोट अलगद उचलून बाजूला केलं, पंखा बंद केला आणि म्हणाला, "तुम्ही साखर किती घेता हल्ली?"

मास्तरांना हेच सहन होत नसे. माणसानं ओरडावं, दोन शब्द लावून बोलावं, म्हणजे आपल्यालाही चार बोलता येतात. साखर किती, या प्रश्नाला काय उलट उत्तर देणार?

"वर बघायला काय झालं होतं तुम्हाला?" हे मास्तरांच्या बायकोनं विचारलं.

मास्तरांनी वर बघितलं नव्हतं, हे अगदी शपथेवर खरं. पण त्या खोलीत वर बघायचंच नाही असं त्यांनी बऱ्याच दिवसांपासून ठरवून टाकलं होतं, हेही तितकंच खरं. वर साडूच्या फिल्मा असत.

साडू हे नातंच मोठं अवघड. भाऊही निवडून मिळत नाही, पण त्याची निदान लहानपणापासून सवय होते. साडू एकदम तयार होऊन येतो, नोकरीसकट, मिशीसकट, आणि सासरच्या तराजूत समोरच्या पारड्यात जाऊन बसतो. या तराजूत मास्तरांचं पारडं पहिल्यापासून जड. ते चित्रकलेचे मास्तर. थोरले जावई. सासूबाईंच्या बाहेरच्या खोलीत त्यांनी काढलेलं चित्र टांगलेलं: दोन डोंगर, त्यांच्यामधून वर येणारा सूर्य, खाली नदी, काठावर झोपडी, आभाळात पक्षी. येणाजाणाऱ्याला सासूबाई सांगायच्या, "आमच्या थोरल्या जावयांनी काढलंय, कलावंत आहेत." आणि धाकटे जावई काय करतात असं कुणी विचारलं, तर जरा थांबून म्हणायच्या, "ते दातांच्या लाइनीत आहेत."

धाकटे जावई कवळ्या करत. दातांच्या डॉक्टरांकडून साचे येत, आणि एका मागच्या गल्लीतल्या लांबट खोलीत, खिडकीशी बसून साडू त्यात दात बसवी, हिरड्यांना रंग देई. कपाळावर भिंग लावलेलं असे. ते काढायचं विसरून तो तसाच बाजारात जाई, लग्नाला जाई. कुणाशीही बोलताना तो डोळ्यांकडे न बघता तोंडाकडे बघे, त्यामुळे बोलणाऱ्याला वाटे, काय मन लावून ऐकतोय. तो दात मोजत असे. माणसं त्याला नावानं कधी लक्षात राहिली नाहीत. "कोण हो ते?" विचारलं की सांगे, "ते नाही का, खालची कवळी," किंवा "त्या, पुढचा दात तुटलेल्या." बोलणं कमी, आणि बोलला तर कापसात न गुंडाळता. एकदा घरातल्या एका नव्या नवरीनं कौतुकानं विचारलं, "हा पांढरा रंग मला कसा दिसतो?" साडूनं तोंडाकडे बघून सांगितलं, "यात दात पिवळे दिसतात." नवरी दिवसभर ओठ मिटून वावरली. सगळ्यांना वाटलं, किती लाजरी आहे.

असा हा माणूस. याच्यावर जळायचं काही कारण मास्तरांना नव्हतं. उलट प्रेम होतं. पारडं हलकं असणाऱ्यावर प्रेम करायला काही कष्ट पडत नाहीत.

मग एक जुनं थिएटर बंद पडलं. त्याच्या तळघरातली रिळं पोत्यात भरून भंगारात निघाली होती. साडूनं त्यातली दोन-तीन उचलून आणली. कशाला आणली ते त्यालाही धड सांगता आलं नाही. ब्लीचच्या पाण्यात बुडवल्यावर नट, नट्या, घोडे, मारामाऱ्या सगळं धुऊन गेलं आणि हातात नुसती काचेसारखी पट्टी राहिली. तिच्यातली एक चौकट म्हणजे अंगठ्याच्या नखापेक्षा थोडी मोठी. एवढ्याशा जागेत रंग भरणं हे साडूचं रोजचंच काम. हिरड्यांचे उरलेले रंग, शाया, दात कोरायची सळई, सशाच्या मिशीएवढा ब्रश, एवढं घेऊन तो बसला. माणूस नाही, झाड नाही, गोष्ट नाही. नुसते ठिपके, रेघा, ओरखडे, डाग. चौकटीमागून चौकट, प्रत्येकीत इकडचं तिकडे जरासं. वर्षभरानं त्याचं एक छोटं रीळ झालं, आणि वाचनालयाच्या वरच्या सभागृहात फिल्म मंडळवाल्यांनी ते दाखवलं.

फिल्म म्हणजे किती? एका सेकंदाला चोवीस चौकटी पळतात. माणसाचं वर्ष एका शिंकेत संपतं. मास्तर पाय ताणून, हाताची घडी घालून, भाच्याचं स्नेहसंमेलन बघायला आल्यासारखे बसले होते. पडद्यावर निळे ठिपके आले, थरथरले, फुगले, एकमेकांत शिरले. मग त्यातून पिवळं काहीतरी वर आलं. संपलं. दिवे लागले. मास्तर शेजारी वळून काहीतरी विनोदी बोलणार होते, तर बायको पदरानं डोळे पुसत होती.

"डोळ्यात काही गेलं का?"

"नाही," ती म्हणाली. "रडू आलं मला. का ते नाही सांगता येणार. ते निळ्यातून पिवळं वर आलं ना, तेव्हा."

त्या क्षणी मास्तरांच्या पोटात जे पेटलं ते पुढे विझलंच नाही. निळा आणि पिवळा! लग्नापासून हे दोन्ही रंग त्यांनी या बाईला मुबलक पुरवले होते. आभाळ निळं, सूर्य पिवळा, प्रत्येक चित्रात. आणि प्रत्येक चित्राला ती म्हणाली होती, "छान आहे. लावायचं कुठे?"

तेव्हापासून मास्तरांची तब्येत बिघडली. वजन, भूक, झोप सगळं जागेवर होतं, पण साडू हा शब्द कानावर पडला की कानशिलं तापत. शिक्षकांच्या खोलीत ते विषय काढून काढून सांगत, "अहो, ब्रश झटकला की झालं. लहान पोरगं करेल." एकदा बायको बाहेर गेलेली बघून त्यांनी दार लावलं, कागद पसरला आणि ब्रश झटकला. कागदावर झटकलेल्या ब्रशाचे शिंतोडे उमटले. पुन्हा झटकला. आणखी शिंतोडे. त्यांनी कागद चोळामोळा केला आणि बाहेरच्या डब्यात नेऊन टाकला, घरातल्या डब्यात नाही. आणि दुसरं म्हणजे साडूला ते आजवर "अरे, तू" म्हणत आले होते, ते एकदम "अहो, तुम्ही" म्हणायला लागले. मत्सराइतका मान माणूस कशानंच देत नाही.

तर या सगळ्याच्या पुढचा अंक पंख्याचा.

"आता निस्तरा," बायकोनं हुकूम सोडला. "सुट्टी आहे ना शाळेला? जा रोज, आणि त्याला मदत करा. त्याची एवढी मेहनत वाया घालवलीत."

त्याची मेहनत! पण मास्तर गेले. अपराधी माणसाला मुद्दे नसतात. पहिले काही दिवस त्यांनी भिंत घासली, पंख्याची पाती पुसली, चिमटे धुतले. मग एके दिवशी साडूनं न विचारताच त्यांच्यापुढे एक कोरी पट्टी ठेवली, ब्रश ठेवला आणि म्हणाला, "मंडळाचा कार्यक्रम आहे सुट्टी संपताना. तुम्हीही काढा काहीतरी."

"मी ठिपके काढणार नाही," मास्तर म्हणाले. "मला चित्र काढता येतं."

"मग चित्र काढा."

"कसं असतं यात? माप काय?"

"कडेची चार भोकं म्हणजे एक चौकट. पुढचीत थोडं सरकवायचं. बाकी तुम्हाला मी काय सांगणार?"

बाकी मास्तरांनी विचारलंही नाही. साडूला दोन प्रश्न विचारले की आपण त्याचे विद्यार्थी, असं त्यांचं सरळ गणित होतं. त्यांनी पट्टी टेबलावर फूटपट्टीसारखी आडवी ठेवली, डावीकडून उजवीकडे, वही लिहायला बसावं तशी, आणि कामाला लागले. दोन डोंगर. नदी. झोपडी. डोंगरांच्या मधे सूर्याची कड. पुढच्या चौकटीत तेच डोंगर, तीच नदी, सूर्य केसभर वर. त्याच्या पुढच्या चौकटीत आणखी केसभर. एक पक्षी आला. पक्ष्यानं पंख वर केला. पुढच्या चौकटीत खाली. मास्तरांची मान धरली, डोळ्यांपुढे काजवे आले, अंगठा आखडला. पण ते उठले नाहीत. सूर्य वर आणायचाच होता. आपल्या बायकोला रडवायचंच होतं, आणि या वेळी कशानं रडू आलं ते तिला नीट सांगता आलं पाहिजे. सूर्योदय बघून, म्हणेल ती.

साडू अधूनमधून मागे येऊन उभा राही. कपाळावरचं भिंग डोळ्यांवर ओढून मास्तरांच्या खांद्यावरून बघे. बराच वेळ बघे.

"काय बघताय?" मास्तर मान न वळवता विचारत.

"काही नाही."

"चुकलंय का काही?"

"मला काय विचारता? मला चित्र कुठे काढता येतं."

मास्तर खूश. घाबरला, त्यांनी मनाशी म्हटलं. आणि ही शंका दिवसेंदिवस पक्की होत गेली, कारण साडूचं खरंच काहीतरी बिनसलं होतं. स्वतःची पट्टी तो रंगवी, उजेडात धरून बघे, आणि पुन्हा ब्लीचच्या टबात टाकून देई. एवढं रंगवलेलं पुसून टाकणारा माणूस मास्तरांनी पाहिला नव्हता. हे बघून खरं तर त्यांना आनंद व्हायला हवा होता, पण तिथेही हेवा वाटलाच. बघा, टाकून द्यायची ऐपत बघा! आपल्याला एक डोंगर पुसायचा म्हटलं तर जीव तुटतो.

"भावोजी, तुम्ही बोललात का यांना काही?" एकदा मेहुणीनं चहा देताना हळूच विचारलं. "घास तोंडात धरून बसतात. काल एका कवळीत दोन्ही बाजूंना उजव्याच दाढा बसवल्या. डॉक्टरांचा फोन आला, पेशंटचं तोंड मिटत नाही म्हणून."

"मी कशाला काय बोलू?" मास्तर म्हणाले, आणि चहा त्यांना फार गोड लागला.

कार्यक्रमाच्या संध्याकाळी सभागृह भरलं होतं. मागच्या खोपटात मंडळाचा म्हातारा ऑपरेटर प्रोजेक्टरला तेलपाणी करत होता. सासूबाई पहिल्या रांगेत, धाकट्या जावयानं केलेली कवळी घालून. मास्तर आणि बायको मधल्या रांगेत. साडू नेहमीसारखा भिंतीला टेकून उभा, कपाळावर भिंग.

आधी साडूची फिल्म लागली. काळ्यावर बारीक पांढरे ओरखडे आले, जणू कुणी आतून नखं मारतंय. मग एका ओरखड्यातून लाल झिरपलं, पसरलं, आणि एकदम सगळं थांबल्यासारखं होऊन विरघळून गेलं. मास्तरांनी पडदा अर्धाच बघितला. अर्धा वेळ ते बायकोचा चेहरा बघत होते. तिच्या गालावर लाल उजेड पडला होता, ओठ जरा उघडे होते. तिला आपण शेजारी आहोत हेही आठवत नव्हतं. एक मिनिट, मास्तर मनात म्हणाले. एकच मिनिट थांब.

मग त्यांची फिल्म सुरू झाली.

पहिल्यांदा कुणालाच काही कळलं नाही, मास्तरांनाही नाही. पडद्याच्या एका बाजूनं दोन मोठे हिरवे सुळे आत आले होते. वरून खाली एक निळा पट्टा धबधब्यासारखा लोंबत होता. त्याला एक झोपडी भिंतीवरच्या पालीसारखी चिकटली होती. एक पक्षी पंख फडफडवत सरळ वर चढत होता, तेही तापानं कापत असल्यासारखा. आणि मग त्या दोन सुळ्यांच्या फटीतून, एखाद्यानं तोंडातली गोळी ढकलत ढकलत बाहेर आणावी तसा, एक पिवळा गोळा आडवा बाहेर यायला लागला.

आडवं! मास्तरांना एकदम उमगलं. फिल्म उभी धावते. पट्टी आडवी ठेवून काढलेलं जग पडद्यावर कुशीवर झोपणार, हे शाळेतल्या पोरालाही कळलं असतं. साडूनं सांगितलं नाही, कारण त्याच्या ठिपक्यांना वर-खाली नव्हतंच. आणि आपण विचारलं नाही.

"रीळ बरोबर लावलंय हो मी," मागच्या खोपटातून ऑपरेटरचा आवाज आला. "उगाच माझ्यावर घेऊ नका."

कुणीतरी फिस्सकन हसलं. आणि मग समोरच्या रांगेतल्या एका माणसानं मान उजवीकडे कलती केली. त्याच्या शेजारच्यानं केली. मास्तरांच्या डोळ्यांदेखत, वारा शेतावरून जावा तशी, सगळ्या सभागृहाची डोकी एका बाजूला कलत गेली. सासूबाई तर इतक्या कलल्या की शेजारच्या बाईंनी त्यांना हातानं आधार दिला. आणि मास्तरांच्या खांद्यावर काहीतरी येऊन टेकलं. बायकोचं डोकं.

"असं केलं की नीट दिसतंय," ती कुजबुजली.

सूर्य फटीतून पूर्ण बाहेर आला आणि टपकन पडल्यासारखा पडद्याबाहेर गेला. सभागृह फुटलं. लोक हसत होते, टाळ्या वाजवत होते, "पुन्हा लावा, पुन्हा लावा" म्हणत होते. पुन्हा लावली. या वेळी सगळ्यांनी माना आधीच कलत्या करून ठेवल्या. मास्तरांच्या खांद्यावरचं डोकं हसण्यानं गदगदत होतं, आणि बाहीतून त्यांना ओल लागली.

"रडतेस का?" त्यांनी विचारलं.

"हसून हसून," ती म्हणाली. "अहो, किती दिवसांनी! हे तुम्हाला सुचलं तरी कसं?"

मास्तरांनी घसा साफ केला. मंडळाचे अध्यक्ष उठून म्हणाले की आजवर चित्रपटानं आपल्याला मान वर करायला लावली, पण मान वाकडी करायला लावणारा हा पहिलाच. मास्तर उभे राहिले, गंभीरपणे दोन्ही बाजूंना हात जोडले आणि बसले. लोकांना तोही विनोदच वाटला.

सगळं मिळालं होतं. टाळ्या मिळाल्या, बायकोचे डोळे मिळाले. पण जिना उतरताना मास्तरांच्या पोटातली आग पुन्हा उसळली, आधीपेक्षा जास्त. कारण त्यांना आता साडू आठवत होता, खांद्यामागे भिंग लावून उभा असलेला. दात अर्धा केस वाकडा बसला तर ज्याला दिसतो, त्याला आडवा डोंगर दिसला नाही? याला माहीत होतं. रोज येऊन बघत होता, आणि गप्प बसला. थोरल्या जावयाचं हसं व्हावं म्हणून गप्प बसला. आज लोक मुद्दाम केलंय समजून हसले, म्हणून वाचलो.

बायका सासूबाईंना धरून पुढे गेल्या होत्या. साडू दोन्ही रिळांचे डबे काखेत मारून मागून येत होता. मास्तर वळणावर थांबले, वाट अडवून. 'अहो'-'तुम्ही' कुठल्या कुठे गेलं.

"काय रे, खरं सांग. तू रोज मागे येऊन उभा राहत होतास. मी पट्टी आडवी ठेवून काढतोय, हे दिसत होतं ना तुला?"

साडूनं मास्तरांच्या तोंडाकडे बघितलं. "दिसत होतं."

"मग एका शब्दानं बोलला का नाहीस?"

साडूनं डबे एका काखेतून दुसऱ्या काखेत घेतले आणि म्हणाला, "मला वाटलं तुम्ही मुद्दाम काढताय, आणि हे मला का नाही सुचलं म्हणून मी जळत होतो."